सान तेल्मोची पनवती

माझ्या बुडावर डाग आहे. सगळ्या गल्लीला ठाऊक आहे, मग तुम्हीच काय घोडं मारलंय, म्हणून आधीच सांगून टाकते. पेरूच्या पानाएवढा, तांबूस, जन्मापासूनचा. आमच्याकडे असा डाग असलेलं माणूस ज्या बाजूला बसतं ती बाजू हरते. पत्ते असोत, कोंबड्यांची झुंज असो, महापौराची निवडणूक असो. बास्केटबॉल असेल तर विचारायलाच नको.

हा डाग बघितलेली माणसं चारच. आई, वडील, नवरा आणि माझा मोठा भाऊ रुबेन, ज्यानं लहानपणी मला आंघोळी घातल्या. पहिल्या तिघांनी आयुष्यात तोंड उघडलं नाही. रुबेननं मात्र मी अकरा वर्षांची असताना अख्ख्या गल्लीसमोर ते जाहीर केलं. त्या दिवशी सान तेल्मो आणि बेलेन यांचा सामना होता.

सान तेल्मो आणि बेलेन ही फिलिपिन्समधल्या आमच्या इलोइलो शहरातली दोन कॉलेजं. एक नदीच्या ह्या काठावर, एक त्या काठावर. सान तेल्मोचा रंग निळा, बेलेनचा हिरवा. सोयरीक जुळवायला आलेली माणसं आधी रंग विचारतात आणि मग मुलगा काय करतो ते. वर्षातून दोनदा ही दोन कॉलेजं बास्केटबॉल खेळतात, आणि त्या रविवारी मोलो भागातल्या चर्चमधले पाद्रेसुद्धा प्रवचन आवरतं घेतात. ते बेलेनचे आहेत. आम्ही त्यांना माफ केलं आहे.

तेव्हा कुणाकडे टीव्ही नव्हता. गल्लीत रेडिओ आमच्याच घरात, त्यामुळे खिडकीपर्यंत माणसं. सान तेल्मो नऊ गुणांनी पुढे आणि तीन मिनिटं उरलेली. मी बाहेरून खेळून आले, घामाघूम, आणि बरोब्बर रेडिओसमोर फतकल मारून बसले. एका गुणानं हरलो. वडिलांनी रेडिओ बंद केला. मग रुबेन माझ्याकडे बोट करून म्हणाला, "हिच्या बुडावर डाग आहे."

पुढच्या वेळी सामना सुरू व्हायच्या आधी मला आईस कँडीला पैसे देऊन बाहेर पिटाळलं. सान तेल्मो वीस गुणांनी जिंकलं. झालं, माझा निकाल लागला तो लागला.

त्याला आता एकेचाळीस वर्षं झाली. मी बावन्न वर्षांची आहे, माझं स्वतःचं घर आहे, माझा स्वतःचा टीव्ही आहे, आणि सान तेल्मो–बेलेन असलं की मी माझ्याच घरातून बाहेर पडते. नियम रुबेनचे. बघायचं नाही. समालोचन ऐकायचं नाही. कुणाला गुण विचारायचे नाहीत. लोकांचं ओरडणं कानावर पडलं तर त्याला इलाज नाही.

त्या इलाज नसलेल्या गोष्टीवरच मी एकेचाळीस वर्षं सान तेल्मोची भक्ती केली.

तुम्हाला वाटेल, बिचारी. बिचारी कसली. रविवारी दुपारी चार वाजता, ऊन पिवळं पडलेलं असताना, आमच्या गल्लीत तुम्ही कधी एकट्यानं चालला नाहीत. रिक्षासारख्या ट्रायसिकली उभ्या, चालकच नाहीत. दुकानाच्या जाळीमागे कुणी नाही, काउंटरवर मांजर. कुत्रीसुद्धा दारात बसलेली, आत तोंड करून. आणि मी छत्री घेऊन मध्यावरून चालते आहे. गल्ली उताराची, चर्चकडून नदीकडे. वरच्या टोकाला म्हाताऱ्या लोलो पासियोंगचं घर, छपरावर जुना अँटेना. तिथं चित्र सगळ्यांच्या आधी येतं. मधल्या घरांत केबल आहे, तिथं दोन-तीन सेकंद उशीर. आणि खाली नदीजवळ विद्यार्थ्यांची खानावळ आहे, ती पोरं मोबाईलवर बघतात, त्यांच्याकडे बॉल अर्ध्या मिनिटानं पोचतो.

म्हणजे काय होतं, की एक बास्केट पडते ती एकदाच पडत नाही. आधी लोलो पासियोंग ओरडतो. मग ते ओरडणं घराघरातून खाली सरकत येतं, माझ्या डाव्या उजव्या हाताला खिडक्या उजळल्यागत होतात, आणि मग बराच वेळ शांत. आणि मग नदीकडून पोरांचा आवाज येतो, जणू तिकडे दुसराच सामना चाललाय, दुसऱ्याच दिवशीचा. मी उतारानं भराभर चालत गेले तर एकच बास्केट दोनदा ऐकायची. वर चढत गेले की सगळं माझ्यावरून लवकर निघून जायचं. कधी कधी मी खानावळीसमोर उभी राहायची. आत पोरं देवाचा धावा करत असायची, आणि मला माहीत असायचं की लोलो पासियोंग आत्ताच "मेलो" म्हणून ओरडलाय. तेवढं अर्धं मिनिट ती पोरं किती सुखात असायची. मला त्यांचा फार कळवळा यायचा.

आवाजावरून मला सगळं कळतं. फ्री थ्रोच्या आधी गल्ली श्वास रोखते. लांबून टाकलेली बास्केट असली तर आधी एक "आ" येतो आणि मग स्फोट. रेफ्रीवर राग असला तर भांडी वाजतात. हिरवी घरं कुठली आणि निळी कुठली हे मी डोळे मिटून सांगेन. चालता चालता असं वाटायला लागायचं की मीच ती गल्ली आहे आणि सामना माझ्याच पोटातून चाललाय. घरी परत यायचे तेव्हा माझे पाय जमिनीला लागलेत की नाही ते मला नीट आठवायचं नाही.

आणि हरलो की मला कारण ठाऊक असायचं. कधी एखाद्या खिडकीतून निळं बनियन ओझरतं दिसलेलं असायचं. कधी समालोचकाचा एखादा शब्द कानात शिरलेला असायचा. एका वर्षी मी नुसतंच मनात म्हटलं होतं, आज जिंकणार. दर हरलेल्या सामन्याचा एकेक गुन्हा माझ्याकडे जपून ठेवलेला आहे.

बेलेनवाल्यांना मी अर्थातच लाडकी. आमच्या समोरच्या मानांग लुदिंग, म्हणजे लुदिंगताई, बेलेनमध्ये तीस वर्षं गणित शिकवून निवृत्त झालेल्या, माझ्याहून वीस वर्षांनी मोठ्या. दर सामन्याला दारात उभ्या.

"फेली, ये गं आत. मोलोचं सूप केलंय. पंखा तुझ्याकडे फिरवते. फक्त टीव्हीकडे तोंड करून बस."

"मानांग, मी बसले तर तुमच्याच घराला लागेल हो."

"आमच्या घराला कसं लागेल? तू मनानं निळी ना. डाग मनाच्या बाजूनं लागतो. हे मी गणितानं सिद्ध करून दाखवीन."

"तुमचं सूप मी दारात उभी राहून पिते."

"पाठ करून उभी राहा मग. कोंबडी जास्त घातली आहे, तुझ्यासाठी."

आणि मी पाठ करून उभी राहून सूप प्यायची. शत्रूच्या हातचं, पण काय चव.

आता माझ्या मुलाचं सांगते. एल्जुन नाव. नवरा जहाजावर, वर्षातले नऊ महिने पाण्यात, त्यामुळे पोराला मी आणि बास्केटबॉलनं वाढवलं. उंची बेताची, पण हट्ट दांडगा. सान तेल्मोच्या संघात तो घुसला तेव्हा रुबेननं डुक्कर भाजून गल्लीला जेवण घातलं. आणि मग एल्जुन चार वर्षं बाकावर बसला. टॉवेल दे, पाणी दे, टाळ्या वाजव. चार वर्षांत सगळे मिळून अकरा मिनिटं खेळला असेल, तीही सामना कधीच जिंकून झालेला असताना. बेलेनविरुद्ध एक सेकंदसुद्धा नाही.

पण सरावात त्याला एक काम होतं. बेलेनकडे नऊ नंबरचा एक पोरगा होता, विल्यामोर. वाऱ्यासारखा. त्याला अडवायचं कसं हे संघाला शिकवायचं तर सरावात कुणीतरी विल्यामोर व्हायला हवा. तो एल्जुन. चार वर्षं तो विल्यामोर होता. त्याच्या सामन्यांचे व्हिडिओ बघायचा आणि अंगणात घोटत बसायचा. वळायच्या आधी डावा खांदा दोनदा उडवायचा, हळूच, पाल झटकावी तसा. मी भांडी घासता घासता म्हणायची, "अरे, खांदा दुखतोय का?" तो म्हणायचा, "मला नाही, विल्यामोरला दुखतोय." पुढं पुढं तो जेवायला वळतानाही खांदा उडवायला लागला. मला वाटायचं, हा माझा पोरगा राहिलाय की त्यांनी नेला.

गेल्या नोव्हेंबरात त्याचा शेवटचा सामना आला. बेलेनशीच. हरलं तर सान तेल्मोचं वर्ष संपलं, जिंकलं तर पुढची फेरी. आणि सान तेल्मोच्या कोचचा एक रिवाज आहे. पदवी घेऊन जाणारी पोरं शेवटच्या सामन्यात आधी उतरतात, मग ती बाकावरची का असेनात. दोनेक मिनिटं खेळतात, मग खरे खेळाडू येतात. उतरण्यापूर्वी प्रत्येकाला त्याच्या आईनं हाताला धरून मैदानाच्या मधोमध न्यायचं, आणि मग आयांनी पहिल्या रांगेतल्या खुर्च्यांवर बसायचं.

सकाळी सुकी मासळी तळत होते तेव्हा एल्जुननं हे सांगितलं. रुबेन नेमका तिथेच, व्हिनेगरची बाटली हलवत.

"फेली हाताला धरून नेईल," रुबेन म्हणाला. "ते चालेल. शिट्टी व्हायच्या आधीचं मोजत नाहीत. पण शिट्टी झाली की ही बाहेर."

"तिय्यो, नानायची खुर्ची आहे तिथं," एल्जुन मामाला म्हणाला.

"खुर्चीवर तुझी मामी बसेल."

"मामी माझी आई नाही."

"अरे बाबा, हे काय नेहमीचं खेळणं आहे? हरलो तर उद्या सगळे काय म्हणतील? एल्जुनच्या आईनं बुडवलं. तुझा शेवटचा सामना असा आठवायचा लोकांनी?"

मलाही त्याचंच भय होतं. सामना हरला तर हरला, ते दुःख मला सवयीचं आहे. पण माझ्या डागाचा पोराच्या नावाला चट्टा लागला असता. गल्ली विसरत नाही. मला तरी कुठं विसरली?

एल्जुननं ताटलीतला भात बोटांनी गोळा केला आणि खाल्लाच नाही. म्हणाला, "नानाय, मला दोन मिनिटं मिळणार. तिथं तीन हजार माणसं असतील आणि सगळी बॉलकडे बघणार. एक माणूस माझ्याकडे बघणारं हवंय. एवढंच." आणि उठून अंगणात गेला.

मी तव्याकडे बघत राहिले. मासळी करपली. मला जायचं होतं हो. अकरा वर्षांची असल्यापासून जायचं होतं. पण म्हटलं, नको, नेते आणि बाहेर येते, रुबेन म्हणतो तेच बरं.

रुबेननं वर आणखी एक उपाय काढला. आमच्याकडे डोंगरात वाट चुकली, चकवा लागला, की कपडे उलटे करून घालतात, मग भुतं सोडून देतात. त्यानं मला निळा ब्लाऊज उलटा घालायला लावला. शिवणी बाहेर, गळ्यापाशी कंपनीची चिठ्ठी लोंबतेय. आरशात बघून मी म्हटलं, वा, काय शोभतेय. अशा अवतारात मी त्या रविवारी दुपारी शहराच्या जिमनॅशियममध्ये शिरले, आयुष्यात पहिल्यांदा, सामन्याच्या दिवशी.

आत गेले आणि माझे कानच गेले. मला सवय काय, की आवाज एका बाजूनं येतो, सरकतो, मग दुसरीकडे जातो. तो कुठून कुठं गेला त्यावर माझं सगळं शहाणपण. इथं सगळा आवाज एकदम, वरून खालून, आधी नाही नंतर नाही. मला काही कळेना. पाण्यात डोकं बुडवल्यासारखं झालं. दिवे पांढरे, जमीन पिवळी आणि चकचकीत, आणि माझा पोरगा समोरून चालत येतोय, निळ्या कपड्यात, आणि मला वाटतंय की मी अजून गल्लीतच आहे, छत्री घेऊन, आणि हे सगळं कुठल्यातरी खिडकीतून दिसतंय.

त्यानं हात पुढे केला. तळहात ओला होता.

"नानाय, ब्लाऊज उलटा घातलायस."

"मामाला विचार."

तो हसला. आम्ही मधोमध गेलो. कुणीतरी नाव पुकारलं, टाळ्या झाल्या. आणि तेवढ्यात हिरव्या बाजूनं एक वेगळीच गडबड उठली. मानांग लुदिंग उभ्या राहून बोट दाखवत होत्या, त्यांच्या मागे आमच्या गल्लीतली सगळी हिरवी मंडळी, आणि मग अख्खी हिरवी बाजू एका सुरात म्हणायला लागली, बस फेली, बस फेली. त्यांतल्या निम्म्यांना ही फेली कोण हेही माहीत नसणार. निळ्या बाजूला मात्र सगळ्यांना माहीत होतं. सगळे नुसतं बघत होते, माझ्याकडे आणि मग दाराकडे. तिसऱ्या रांगेत रुबेन, हात जोडून.

मी एल्जुनचा हात सोडला आणि दाराकडे चालायला लागले. बाकीच्या आया खुर्च्यांवर बसल्या. माझी खुर्ची रिकामी. रुबेनची बायको तिच्यावर बसायला काही उठली नाही. ती बाई मला नेहमीच आवडते.

दारात एक रखवालदार शेंगदाणे खात उभा होता. दाराची कडी त्याच्या हातात.

"मॅडम, आत की बाहेर? दार उघडं ठेवता येत नाही."

"बाहेर," मी म्हटलं.

त्यानं दार उघडलं. बाहेर ऊन पडलेलं, रस्ता मोकळा, लांबवर एक ट्रायसिकल झाडाखाली. तो रस्ता मला चांगला ओळखतो. एक पाय मी टाकलासुद्धा. मागे शिट्टी वाजली आणि मी वळून बघितलं. एकदाच, फक्त पोरगा उभा कुठं आहे तेवढं बघावं म्हणून.

मला दिसला तो विल्यामोर. हिरवा, उंच, नऊ नंबर. आणि त्यानं डावा खांदा दोनदा उडवला, हळूच.

माझ्या अंगणातला खांदा. चार वर्षं मी भांडी घासताना बघितलेला, दुसऱ्याच्या अंगावर. क्षणभर मला समजेना की माझा पोरगा कुठला. आणि मग समजलं, कारण विल्यामोर वळला आणि ज्या बाजूला वळला तिथं एल्जुन आधीच उभा होता.

"मॅडम," रखवालदार म्हणाला.

"थांब रे जरा."

मी बॉलकडे बघितलंच नाही. तो विल्यामोरकडे येत नाही एवढंच दिसत होतं. विल्यामोर डावीकडे जायचा, एल्जुन डावीकडे असायचा. विल्यामोर उलटा फिरायचा, एल्जुन फिरून उभा. दोघं जणू एकाच माणसाचे दोन अर्धे, एक निळा आणि एक हिरवा, पिवळ्या जमिनीवर सरकत होते. विल्यामोर हात वर करून बॉल मागायचा, त्याच्या साथीदाराला मध्ये एल्जुनचा हात दिसायचा, आणि बॉल दुसरीकडेच जायचा. असं पुन्हा पुन्हा. आणि कुणीही ओरडत नव्हतं. काय म्हणून ओरडणार? काही घडतच नव्हतं. तीन हजार माणसं कंटाळून पंखे हलवत होती.

मी बाहेर असते, आमच्या गल्लीत असते, तर ह्या दोन मिनिटांत मला काहीच ऐकू आलं नसतं. लोलो पासियोंग गप्प, मधली घरं गप्प, खानावळ गप्प. मी म्हटलं असतं, अजून काही झालेलं नाही. माझ्या पोराचा सगळा खेळ माझ्यावरून निघून गेला असता आणि मी छत्री फिरवत चालत राहिले असते. एकेचाळीस वर्षांत असं काय काय निघून गेलं असेल, ज्याला आवाज नव्हता?

शिट्टी झाली. कोचनं तिघांना बाहेर घेतलं. थोड्या टाळ्या पडल्या, उपकाराच्या. एल्जुन बाकावर जाऊन बसला, टॉवेल घेतला आणि मागे वळून त्यानं पहिल्या रांगेतली माझी खुर्ची बघितली. ती रिकामी होती. त्यानं परत तोंड फिरवलं आणि मान खाली घातली.

"आत की बाहेर?" रखवालदारानं तिसऱ्यांदा विचारलं, बिचाऱ्याचे शेंगदाणे संपले होते.

"आत," मी म्हटलं.

दारापासून त्या खुर्चीपर्यंत अख्ख्या मैदानाच्या कडेनं जावं लागतं. मी गेले. उलटा ब्लाऊज, चिठ्ठी लोंबतेय. हिरव्या बाजूनं जो काही जल्लोष केला तसा त्यांनी विल्यामोरसाठीही कधी केला नसेल. माणसं उभी राहिली, कुणी टोपी उडवली. निळ्या बाजूनं एक म्हातारा म्हणाला, "बाई गं, पोराबाळांचा विचार कर." मी म्हटलं, तोच करतेय. रुबेनकडे मी बघितलं नाही, माझ्यात तेवढं बळ नव्हतं. जाऊन खुर्चीवर बसले, अगदी मांडी घातली नाही एवढंच. एल्जुनच्या पाठीपासून दोन हातांवर. तो वळला नाही, पण त्याचे कान लाल झाले. लहानपणी रडू आवरताना व्हायचे तसे.

मग मी सगळा सामना बघितला. पहिला आणि पुरता. कसा होता विचाराल तर मला धड सांगता येणार नाही. फार भराभर होतं सगळं, आणि आवाज माझ्या मदतीला नव्हता. मधूनच मी डोळे मिटून घ्यायची, म्हणजे जरा ओळखीचं वाटायचं, आणि मग घाबरून उघडायची. एवढं कळलं की एल्जुन बाहेर आल्यावर विल्यामोरनं एकोणतीस गुण केले. तीन गुणांनी आम्ही हरलो. सान तेल्मोचं वर्ष संपलं.

हरल्यावर जे व्हायचं ते झालं. रुबेन माझ्या समोरून तसाच निघून गेला. चार दिवस बोलला नाही. रुबेनच्या बायकोनं जाता जाता माझ्या गळ्यापाशी लोंबणारी चिठ्ठी आत खोचली. मानांग लुदिंग सगळं मैदान ओलांडून आल्या. मला वाटलं, आता चिडवणार, आणि त्यांचा तो हक्कच होता. पण त्या माझ्या शेजारच्या खुर्चीवर बसल्या आणि हळूच म्हणाल्या, "तो आमच्या नऊ नंबरला चिकटलेला, तो तुझा ना गं?"

"हो."

"मी घाबरले होते. बरं झालं काढला त्याला." आणि माझ्या गुडघ्यावर थाप मारून गेल्या. शत्रूनंच ते म्हणावं.

लोक पांगले. मी मागच्या दाराशी जाऊन उभी राहिले, जिथून खेळाडू निघतात. बाहेर संध्याकाळचं ऊन भिंतीवर तांबूस पडलं होतं. एकेक पोरगा येत होता, कुणी रडलेला, कुणी नुसता थकलेला. एल्जुन शेवटी आला. केस ओले, खांद्यावर पिशवी, गळ्यात टॉवेल.

"हरलो," तो म्हणाला.

"हो."

"तिय्यो काय म्हणाले?"

"त्याचं तो बघून घेईल."

तो भिंतीला टेकला. बुटाच्या टोकानं जमीन उकरत राहिला. "चार वर्षं, नानाय. आणि दोन मिनिटं. बॉलला हातसुद्धा लागला नाही माझा. आता घरी जाऊन कुणाला विचारलं ना, मी खेळलो होतो का, तर कुणाला सांगता येणार नाही."

"विल्यामोरनं सहा वेळा बॉल मागितला," मी म्हटलं.

त्याचा बूट थांबला.

"सहा वेळा हात वर केला त्यानं. सहाही वेळा मध्ये तू होतास. दोनदा त्यानं खांदा उडवला आणि तू त्याच्या आधी वळलास. चौथ्या वेळी तुझा पाय घसरला, आणि पडता पडता तू डावा हात आडवा घातलास, तो बॉल त्यांच्या अकरा नंबरनं मग दुसऱ्याला दिला. पाचव्या वेळी त्यानं तुला शिवी दिली. काय म्हणाला ते ऐकू आलं नाही, पण तोंड तसं दिसलं. सहाव्या वेळी त्यानं हात अर्धाच वर केला आणि खाली घेतला. नको म्हणाला तो. मागायचंच सोडून दिलं त्यानं."

एल्जुन माझ्याकडे बघत होता. मला वाटलं, काहीतरी चुकलं, आकडा चुकला की काय. तो म्हणाला, "तू सगळं बघितलंस."

"तूच म्हणाला होतास ना, एक माणूस हवंय म्हणून. मग दुसरं काय बघणार होते?"

तो तिथंच पायरीवर बसला आणि टॉवेल तोंडावर घेतला. त्याचे खांदे हलायला लागले, दोन्ही, त्याचे स्वतःचे. मी त्याच्या शेजारी बसले आणि त्याच्या ओल्या केसांवर हात ठेवला. मला कुठं जायची घाई नव्हती.